शाल देताना ओळखपत्र मागितलं नव्हतं

प्रति,
मा. जिल्हा सैनिक कल्याण अधिकारी,
आणि त्यांच्यावरचे, ज्यांचा शब्द चालतो ते सर्व

विषय : सैनिक-विधवांच्या ओळखपत्राचं नूतनीकरण

महोदय, जय हिंद.

वर जिल्ह्याचं नाव मुद्दाम लिहिलेलं नाही. हा मजकूर शेजारच्या दोन जिल्ह्यांतल्या जुन्या दोस्तांना वाचून दाखवला, तर दोघंही म्हणाले, "आमचंच लिहिलंयस की."

मी फौजेत बावीस वर्षं क्लार्क होतो. २००३ साली हवालदार म्हणून बाहेर पडलो. बंदुकीपेक्षा टाइपरायटर जास्त चालवला, त्यामुळे कागदाचं महत्त्व मला कुणी शिकवायला नको. गावात आल्यापासून पेन्शनीचा, कॅन्टीन कार्डाचा, ईसीएचएसचा (माजी सैनिकांच्या औषधोपचार योजनेचा) कुठलाही फॉर्म असला की लोक माझ्या ओसरीवर येतात. मी तो भरून देतो. पैसे घेत नाही, चहा घेतो. हे एवढ्यासाठी सांगतो, की नियमांना शिव्या घालणारा माणूस मी नव्हे. निम्मं आयुष्य मी नियमच टाइप केले आहेत.

पण गेल्या चार महिन्यांत माझ्या वहिनींच्या कार्डासाठी तुमच्या कार्यालयाच्या तीन खेपा झाल्या, आणि आता गप्प बसवत नाही.

वहिनी म्हणजे माझ्या थोरल्या भावाची बायको. भाऊ १९७१च्या डिसेंबरात पश्चिम सीमेवर लढाईत गेला. तेव्हा मी नऊ वर्षांचा होतो. तार आली ती वाचायला गावात दोनच माणसं, मास्तर आणि पोस्टमन. पोस्टमनने वाचली नाही, मास्तरांकडे नेऊन दिली. वहिनींचं लग्न होऊन तेव्हा दोन वर्षंही झाली नव्हती. पोटी मूल नाही. त्या माहेरी गेल्या नाहीत, माझ्या आईजवळ राहिल्या. मला शाळेत घातलं, दहावीनंतर भरतीच्या रांगेत उभं केलं, आणि मी भरती झालो त्या दिवशी पहिल्यांदा माझ्यादेखत रडल्या. आज त्यांचं वय त्र्याहत्तर आहे.

आमच्याकडची जुनी माणसं तुमच्या कार्यालयाला अजून 'सोल्जर बोर्ड' म्हणतात. हे नाव १९१९ सालापासून, पहिल्या महायुद्धातून परतलेल्यांसाठी इंडियन सोल्जर्स बोर्ड निघालं तेव्हापासून तोंडात बसलेलं आहे. १९७५ला दिल्लीतल्या मंडळाचं नाव केंद्रीय सैनिक बोर्ड झालं. पाट्या बदलल्या, पण म्हाताऱ्यांच्या लेखी 'सोल्जर बोर्डातला साहेब' म्हणजे आपला माणूस. ज्या भागात अपशिंगे मिलिटरी, सैनिक टाकळी अशी गावांची नावंच पडली, त्या भागातली ही भावना आहे, साहेब. ती टिकावी म्हणूनच हे पत्र.

तुमच्या दारावर सूचना लागली, की जुनी हाताने लिहिलेली कार्डं अमुक तारखेनंतर चालणार नाहीत. धारकाने मूळ कागदपत्रांसह स्वतः हजर राहून नवीन कार्ड करून घ्यावं. सूचना वाचून मला वावगं काही वाटलं नाही. खोटी कार्डं निघतात हे मलाही ठाऊक आहे. राज्याच्या गट क आणि गट ड च्या भरतीत माजी सैनिकांना १५ टक्के समांतर आरक्षण आहे, घरपट्टीची माफी आहे. जिथे सवलत आली तिथे खोटा माणूस येणारच. तपासणी करा, कसून करा. माझं म्हणणं ती कुणाची करता आणि कशी करता याबद्दल आहे.

पहिल्या खेपेला आम्ही पहाटे सव्वासहाच्या एसटीने निघालो. तालुक्याला गाडी बदलली. साडेनऊला तुमच्या दारात. वहिनींना गुडघ्यांमुळे पायऱ्या चढवत नाहीत, म्हणून त्या खालच्या पायरीवर बसल्या आणि मी वर रांगेत. नंबर आला तेव्हा त्यांना धरून वर आणलं. अंगठ्याचं यंत्र पुढं केलं. त्यांनी अंगठा ठेवला, यंत्राने घेतला नाही. "आजी, बोट पुसा." त्यांनी पदराला पुसला. घेतला नाही. दुसरं बोट. घेतलं नाही. स्पिरिटचा बोळा आला. मी मोजत होतो, अकरा वेळा. पन्नास वर्षं ज्या बाईने विळा धरला, भांडी राखेने घासली, त्या बाईच्या बोटावर रेषा राहतील कशा? तिथला मुलगा वाईट नव्हता, त्यालाच कसंनुसं होत होतं. पण त्याच्याकडे दुसरा मार्ग नव्हता. "उद्या सकाळी या, थंडीत बोटं चांगली उठतात," म्हणाला. उद्या सकाळी! परत सव्वासहाची गाडी.

परतीच्या गाडीत वहिनी म्हणाल्या, "पोस्टमन म्हनतो मी हयात हाय, पेन्शनवाले म्हनत्यात हयात हाय, ह्यास्नीच तेवढी माझी वळख का पटंना?"

यावर मी काय बोलणार? कारण त्यांचं खरंच आहे. दर नोव्हेंबरात हयातीचा दाखला लागतो. त्यासाठी २०१४पासून जीवन प्रमाण, म्हणजे ऑनलाइन दाखला आहे. २०२०पासून पोस्टमन ७० रुपयांत घरी येऊन तो काढून देतो. ज्यांची बोटं उठत नाहीत त्यांच्यासाठी २०२१पासून मोबाइलच्या कॅमेऱ्यात चेहरा दाखवला की काम होतं. वहिनींचा दाखला माझ्या पुतण्याने गोठ्यासमोर उभं राहून काढला, दोन मिनिटंही लागली नाहीत. त्यातच पुनर्विवाह केलेला नाही हेही नोंदवलं जातं. म्हणजे जिथे दर महिन्याला सरकारचा पैसा जातो तिथे चेहरा चालतो, आणि जिथे नुसतं प्लास्टिकचं कार्ड द्यायचं तिथे अंगठाच हवा.

दुसरी खेप नावाची.

भावाच्या कागदांत वहिनींच्या नावापुढे 'बाई' आहे. आधारवर 'बाई' नाही. एवढाच फरक. काउंटरवर सांगितलं, दोन्ही नावं एकाच व्यक्तीची आहेत असं प्रतिज्ञापत्र आणा, जमल्यास राजपत्रातही छापून घ्या.

इथे मला माझा स्वतःचा गुन्हा कबूल करायचा आहे. जवानाचं लग्न झालं की त्याची पार्ट टू ऑर्डर निघते आणि बायकोचं नाव रेकॉर्डला चढतं. हे काम मी बावीस वर्षं केलं. जवान सांगायचा मराठीत, मी टाइप करायचो इंग्रजीत, तपासायचा एखादा तमिळ किंवा बंगाली साहेब. जवान बायकोचं नाव माहेरचं सांगायचा की सासरचं, हे विचारायला मला सवड नसायची. कितीदा तर तो लाजून पुटपुटायचा. एकदा मी 'वत्सला'चं 'वस्तला' केलं, ते चार वर्षांनी लक्षात आलं. 'बाई' लावायची की नाही हे तर त्या दिवशीच्या क्लार्कच्या मर्जीवर. जन्मतारखेचीही तीच गत. रेकॉर्डला नुसतं अंदाजे वय, आणि आधारवाल्यांनी तारीख नाही म्हणून १ जानेवारी टाकलेली. आमच्या गल्लीतल्या सहा म्हाताऱ्यांचा वाढदिवस १ जानेवारीला असतो, आणि शाळेत गेलेल्यांचा १ जूनला. ही चूक एका पलटणीची नाही, एका कार्यालयाची नाही. ती आम्हा सगळ्या लिहिणाऱ्यांची आहे. लिहिताना आम्ही चुकलो, आणि निस्तरायचं मात्र जिला सही करता येत नाही तिने, असा हिशेब झाला आहे.

बरं, प्रतिज्ञापत्र तरी सुखाने व्हावं! कोर्टाबाहेर टेबल टाकून बसलेल्याने ५०० रुपयांचा मुद्रांक मागितला. सरकारी कार्यालयात द्यायच्या अशा प्रतिज्ञापत्रांचं मुद्रांक शुल्क शासनाने २००४ सालीच माफ केलं आहे. मी तसं म्हटल्यावर तो म्हणाला, "तुमचा कागद परत आला तर माझ्याकडं येऊ नका." मी घाबरलो. बावीस वर्षं वर्दी घातलेला माणूस एका टायपिस्टला घाबरला आणि ५०० मोजले, कारण कागद परत आला तर सव्वासहाची गाडी पुन्हा वहिनींनाच धरावी लागणार होती.

तिसऱ्या खेपेचं मात्र मला मनापासून लागलं.

सगळे कागद घेऊन गेलो. नाव जुळलं, अंगठाही कसाबसा एकदा उठला. मग संगणकावरच्या फॉर्ममध्ये एक रकाना आला, डिस्चार्ज बुक क्रमांक. तो भरल्याशिवाय फॉर्म पुढे जात नाही. मुलाने माझ्याकडे पाहिलं. "काका, डिस्चार्ज बुक?"

साहेब, आपण स्वतः फौजेतून आलेले अधिकारी आहात, तेव्हा आपल्याला समजावून सांगायची गरज नाही. डिस्चार्ज बुक कुणाला मिळतं? ज्याची सेवा संपते, जो पेटी बांधून, सामान जमा करून, वरच्यांना सॅल्यूट ठोकून घरी येतो, त्याला. माझा भाऊ घरी आलाच नाही. त्याला डिस्चार्ज कुणी दिला नाही, त्याने मागितला नाही. त्याच्या नावाने आलं ते पत्र, एक पेटी आणि नंतर पेन्शनीचा कागद. पेटीत आम्हाला एक साबणाची वडी सापडली होती, अर्धी वापरलेली. आई ती कितीतरी वर्षं ट्रंकेत ठेवून होती.

ज्याने कुणी हा फॉर्म बनवला, त्याच्या डोक्यात माजी सैनिक म्हणजे निवृत्त झालेला माणूस एवढंच होतं. युद्धात गेलेल्याची बायकोही याच खिडकीवर येईल हे त्याच्या ध्यानातच आलं नाही. आता तो रकाना सक्तीचा. मुलाने विचारलं, "शून्य शून्य शून्य टाकू का?" मी नको म्हणालो. माझ्या भावाच्या नावापुढे खोटा आकडा नको. झालं, फॉर्म तिथेच अडकला.

आणि जुनं कार्ड? ते पहिल्या खेपेलाच "जमा करून घ्यायचं असतं" म्हणून घेतलं. पावती मागितली तर "रजिस्टरला नोंद आहे" असं उत्तर मिळालं. नवं कार्ड नाही, जुनं तुमच्या ट्रेमध्ये, पावती नाही. मधल्या मध्ये ग्रामपंचायतीने घरपट्टीचं बिल पाठवलं. माफी आहे ना, म्हटलं. ग्रामसेवक (आता त्यांना ग्रामपंचायत अधिकारी म्हणायचं) म्हणाले, "माफी आहे हो, पण चालू कार्डाची झेरॉक्स लागंल." घरपट्टी मोठी नाही, भरून टाकली. पण वहिनींनी बिल हातात धरून विचारलं, "म्हंजी आता मी त्येंची बायकू न्हाय का?" हा प्रश्न तुमच्या कुठल्या रकान्यात बसवायचा?

आता दुसरी एक आठवण सांगतो.

२०२१ साल. स्वर्णिम विजय वर्ष. युद्धाला पन्नास वर्षं झाली म्हणून दिल्लीहून चार दिशांना विजय मशाली निघाल्या होत्या, जागोजागी सत्कार होत होते. आमच्या दारात सरकारी गाडी आली. वहिनींना पुढच्या सीटवर बसवून नेलं. मंचावर खुर्ची, खाली गालिचा, बाजूला बँड. शाल, श्रीफळ, एक चौकट. निवेदकाने माइकवरून 'वीरनारी' म्हणून त्यांचं नाव घेतलं, 'बाई' लावून. कुणी अंगठा घेतला नाही. कुणी आधार मागितलं नाही, डिस्चार्ज बुक तर नाहीच नाही. आपल्या जिल्ह्यात १९७१च्या विधवा कोण, कुठल्या गावात, कुठल्या घरात, दारात गाडी वळते की नाही, सगळं तुमच्याकडे लिहिलेलं होतं. ती यादी अजून तुमच्याच कपाटात असणार. दर ७ डिसेंबरला ध्वजदिनाचं निमंत्रण त्याच यादीवरून येतं, अगदी बिनचूक पत्त्यावर.

शाल द्यायला जी ओळख पुरली, ती कार्ड द्यायला का पुरत नाही, एवढं मला आणि वहिनींना समजावून सांगा.

तुमच्याकडे माणसं कमी आहेत, हे दिसतं. एका खोलीत तीन टेबलं, त्यातलं एक कायम रिकामं. त्या मुलाचा करार संपत आला आहे म्हणे. मी त्याच्याविरुद्ध तक्रार करत नाही, कृपया त्याच्यावर काही काढू नका. तोच एकटा उठून वहिनींना पाणी देत होता.

आता मागण्या. क्लार्क आहे, तेव्हा क्रमांक घालतो.

१. ज्या विधवा किंवा माजी सैनिक सत्तरीच्या पुढे आहेत, किंवा ज्यांना चालवत नाही, त्यांना कार्यालयात बोलावू नका. हयातीच्या दाखल्यासारखी चेहऱ्यावरून ओळख चालवा, नाहीतर महिन्यातून एकदा तालुक्याच्या गावी शिबिर लावा. सत्काराला गाडी फिरते, शिबिरालाही फिरेल.

२. युद्धात किंवा सेवेत गेलेल्यांच्या कुटुंबासाठी डिस्चार्ज बुकाचा रकाना काढून टाका. त्याजागी पीपीओचा, म्हणजे पेन्शन मंजुरीच्या आदेशाचा क्रमांक घ्या. हे पुण्याच्या सैनिक कल्याण विभागाकडून व्हावं लागत असेल तर वर लिहा, आणि लिहिल्याची प्रत सूचना फलकावर लावा.

३. नावात 'बाई', 'सौ.', एखादी वेलांटी, एखादी जोडलेली किंवा तुटलेली अक्षरं एवढाच फरक असेल तर स्वतःच्या सहीचं किंवा अंगठ्याचं स्वयंघोषणापत्र घ्या. राज्य शासन ते २०१५पासून घेतं, तुमच्याच खिडकीवर ते अडायचं कारण नाही. मुद्रांक लागत नाही हे मोठ्या अक्षरांत दारावर लिहा. बाहेरच्या टेबलवाल्यांचा धंदा थोडा बसेल, बसू दे.

४. अर्ज घेतला की पावती. पावतीवर तारीख, आणि किती दिवसांत कार्ड मिळेल तो आकडा. महाराष्ट्रात २०१५चा लोकसेवा हक्क कायदा आहे. मुदत, जबाबदार अधिकारी आणि अपील कुणाकडे करायचं हे फलकावर लावणं त्याच कायद्यात सांगितलेलं आहे. मुदत चुकवणाऱ्याला ५०० ते ५,००० रुपये दंडाची तरतूदही त्यात आहे. पण तो कुणाला व्हावा अशी माझी इच्छा नाही, मला फलक हवा आहे.

५. नवं कार्ड हातात पडेपर्यंत जुनं चालू ठेवा.

६. शेवटची मागणी नियमात बसते की नाही ते आपण पाहावं. जुनं कार्ड रद्द करून भोक पाडा, हवं तर दोन पाडा, पण ते ज्याचं त्याला परत द्या.

सहाव्या मागणीबद्दल थोडं लिहितो, कारण ती वाचून आपण हसाल.

वहिनींच्या जुन्या कार्डावर जो फोटो आहे तो १९७३ सालचा. तालुक्याच्या स्टुडिओत आईने नेऊन काढून आणला, कार्डासाठीच. मागं रंगवलेला पडदा, कपाळ मोकळं, डोक्यावर पदर, नजर कॅमेऱ्याच्या थोडी वर. त्याआधीचा त्यांचा एकही फोटो नाही. लग्नात फोटो काढायची आमची ऐपत नव्हती. पुढे १९९५च्या सुमाराला कार्ड बदललं तेव्हा तुमच्या कार्यालयात एक म्हातारे क्लार्क होते. त्यांनी नवा फोटो मागितला. वहिनी म्हणाल्या, हाच राहू द्या. त्या गृहस्थांनी ब्लेडने तो फोटो जुन्या कार्डावरून अलगद सोलला, खळ लावून नव्या कार्डावर बसवला, आणि जांभळ्या शाईचा गोल शिक्का निम्मा फोटोवर, निम्मा कार्डावर मारला. फोटोच्या डाव्या कोपऱ्यात ब्लेडचं बारीकसं टोक लागलेलं आहे. वर्षानुवर्षं ते कार्ड चंचीत राहून पिवळं पडलं. घडीच्या जागी प्लास्टिक उललं म्हणून मी चिकटपट्टी लावली आहे. त्या खुणेवरून ट्रेमध्ये चटकन सापडेल.

भाऊ चोवीस वर्षांचा होता. वहिनी म्हणतात, त्येंनी मला बघितलं ते तोंड त्या फोटोत हाय.

नव्या कार्डासाठी पांढऱ्या पडद्यासमोरचा रंगीत फोटो दिला आहे. तो चालेल म्हणाले आहेत.

येत्या सोमवारी मी एकटा कार्यालयात येतो. वहिनी येणार नाहीत. पीपीओ, प्रतिज्ञापत्र, आधार, सगळ्यांच्या झेरॉक्स माझ्याकडे असतील. या पत्राची प्रत आवकला देईन आणि शिक्का घेऊन जाईन. साडेनऊपासून पायरीवर आहे.

आपला विश्वासू,
एक हवालदार (क्लार्क), निवृत्त